चष्मेवाल्या उंटांचा भाव

बंगळुरू
२८ एप्रिल २०२५

ती. मावशीस,
शिरसाष्टांग नमस्कार.

टपालाचा लिफाफा पाहून तुला वाटलं असेल की पोरानं एकदाची लग्नपत्रिका छापली. तसं काही नाही. यातली गोष्ट फोनवर बोलायची नाही, व्हॉट्सअॅपवर टाकायची नाही आणि तिचा फोटोही काढायचा नाही, म्हणून कितीतरी वर्षांनी पेन हातात धरलं. अक्षर पाहून काका हसतील, त्यांना हसू दे. पण सोबतची चिठ्ठी त्यांनाही दाखवू नकोस.

चिठ्ठीवर बारा इंग्रजी शब्द ओळीने लिहिले आहेत. ती माझ्या पाकिटाची किल्ली आहे. हे पाकीट चामड्याचं नाही, इंटरनेटवरचं आहे. ज्या ब्लॉकचेनवर ते आहे, ती चौकातल्या मोठ्या फळ्यासारखी समज. कोणाच्या नावे काय आहे, कोणी कोणाला काय दिलं, हे जगात कोणालाही वाचता येतं, खोडता मात्र कोणालाच येत नाही. पाकिटातली वस्तू हलवायची तर हे बारा शब्द लागतात. ज्याच्या हाती शब्द, त्याचं पाकीट. हरवले तर बँकेसारखं मॅनेजरसमोर जाऊन रडायची सोय नाही.

पाकिटात माझी चित्रं आहेत. चष्मेवाले उंट. हसू नकोस. प्रत्येक उंट वेगळा असतो, कोणाला टोपी, कोणाला पगडी, आणि सोन्याचा दात असलेले तर सगळ्या जगात मोजकेच. त्यातले दोन माझ्याकडे आहेत. शिवाय थोडी चिल्लर आहे, चित्र इकडून तिकडे पाठवायला टोलसारखी लागते ती. भाव चांगला आला की सगळे विकीन. बंगळुरूत दोन खोल्यांचं घर होईल, एवढा ऐवज आहे तो.

मागच्या आठवड्यात बसमध्ये फोन हरवता हरवता वाचला, तेव्हा वाटलं की शब्दांची एक प्रत दुसऱ्या गावी असावी. बाबांकडे पाठवायची सोय नाही, हे तुला माहीत आहे. ते याला जुगार म्हणाले आणि मी रागाच्या भरात बोलून गेलो की आता घराच्या किल्ल्या घेऊनच पांढुर्ण्याचा उंबरठा ओलांडीन. त्याला दोन वर्षं झाली. शाळेची सगळी वर्षं मी तुझ्या घरी काढली, तुझ्या डब्यातले लाडू चोरले, तरी तू आईला कधी सांगितलं नाहीस. तुझ्याइतकं गुपित सांभाळणारं दुसरं माणूस मला ठाऊक नाही.

तुझा,
वैभव

सौंसर
९ मे २०२५

चि. वैभव यास,
अनेक आशीर्वाद.

पत्र पोचलं. अक्षर पाहून काका हसले नाहीत, त्यांना वाटलं डॉक्टरची चिठ्ठी आहे, म्हणून तब्येत विचारायला आले. मी म्हटलं, पोराचं खुशालीचं पत्र आहे, तुम्ही तुमचा पेपर वाचा. तहसील कचेरीतून रिटायर झाल्यापासून या माणसाला घरातला प्रत्येक कागद तपासायची खोड लागली आहे.

तीच तर पंचाईत. चिठ्ठी ठेवायची कुठे? गादीखाली ठेवली तर ते ऊन द्यायला गादी काढतात. डाळीच्या डब्यात ठेवली तर शेजारीण वाटीभर डाळ मागायला येते. शेवटी मी शब्द पाठ केले आणि चिठ्ठी चुलीत घातली. घाबरू नकोस. नुसते पाठ केले असते तर विसरले असते, इंग्रजी शब्द माझ्या जिभेवर टिकत नाहीत. मी त्यांचा उखाणा बांधला. तूच ओळीने दिले होतेस, त्याच ओळीने बसवला. नाव घ्यायचं म्हटलं की मी झोपेतही चुकत नाही. शब्द मात्र पहिलीच्या पुस्तकातले आहेत रे. एवढ्या मोठ्या ऐवजाला एवढी साधी किल्ली?

आता मला एक समजावून सांग. उंटाचा भाव ठरवतो कोण? आमच्या बोरगावच्या बागेचं मला कळतं. संत्री झाडावर असतानाच व्यापारी येतो, चार झाडांखाली उभा राहतो, मान वर करून बघतो आणि आकडा सांगतो. आपण त्याच्या दीडपट सांगतो. मग तो निघून जाण्याचं नाटक करतो, आपण त्याला चहाला थांबवतो. पण त्याला खरोखर संत्री हवी असतात, पुढे ती खाणारं कोणीतरी असतं, म्हणूनच तो येतो. तुझे उंट बघायला कोण येतं?

आणि दुसरं. ५ जूनला तुझ्या यशवंतकाकांच्या वृषालीचं लग्न आहे पांढुर्ण्याला. तू येशील असं मी तुझ्या आईला, सुनंदाला, सांगून टाकलं आहे. ती काही बोलत नाही, पण दोन दिवाळ्या तिनं तुझ्या वाटचा अनारसा बाजूला काढून ठेवला, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. तुझ्या बापाचं डोकं तापट आहे आणि तुझंही त्याच दुकानचं. दोघांपैकी एकानं तरी मान खाली घालावी. किल्ल्यांची वाट कोण बघतं रे? तुझी वाट बघतात.

तुझी,
प्रेमामावशी

बंगळुरू
१९ मे २०२५

ती. मावशीस,
सा. नमस्कार.

उखाण्याचं आधी पुन्हा एकदा वाचलं आणि मग ऑफिसमध्ये एकटाच हसत सुटलो. बाजूचा मित्र विचारत होता, काय झालं. त्याला काय सांगू? मावशी, तो उखाणा चुकूनही कोणापुढे घेऊ नकोस. मनातल्या मनात रोज म्हण, पण ओठ हलवू नकोस.

भावाचं विचारलंस. प्रत्येक उंट किती दुर्मीळ आहे ते बघतात. याआधी तसा उंट कितीला विकला गेला ते बघतात. आणि आज सगळ्यात स्वस्त उंट कितीला मिळतो, तो तळाचा भाव. त्या तळाच्या वर आपला उंट जेवढा न्यारा, तेवढी बोली. फळ्यावर सगळं लिहिलेलं असतं, त्यामुळे फसवाफसवीला जागा नाही. बघायला जगभरातून लोक येतात, अमेरिकेतून, जपानमधून. सध्या बाजार थंड आहे एवढंच. थंडीत कोणी पंखा घेतं का? उन्हाळा आला की घेतात.

लग्नाला येणं जमणार नाही. त्या आठवड्यात कंपनीचं काम आहे. वृषालीला माझे आशीर्वाद सांग, आहेर मी पाठवतो. आईला म्हणावं, या दिवाळीला नक्की. म्हणजे बहुतेक नक्की. बाजार जरा सुधारू दे.

तुझा,
वैभव

सौंसर
१२ जून २०२५

चि. वैभव यास,
आशीर्वाद.

हे पत्र मी चार वेळा लिहायला बसले आणि चारही वेळा उठले. वाचून झालं की मला फोन करू नकोस, मी उचलणार नाही. मला तोंड राहिलेलं नाही.

वृषालीच्या हळदीला मांडवात बायका बसल्या होत्या. नाव घ्यायचा आग्रह सुरू झाला. माझा एक ठेवणीतला उखाणा आहे, महादेवाच्या पिंडीचा, तुला माहीत आहे. तो नेमका माझ्या आधी नवरदेवाच्या आत्यानं घेतला. मग सगळ्या माझ्याकडे वळल्या. सुनंदा म्हणाली, प्रेमा, नवीन काहीतरी होऊ दे. मी डोकं खाजवते आहे, काही आठवत नाही, आणि पाठीमागून कोणीतरी म्हणालं, "काकूले काही येऊन नाही राहिलं." मला चीड आली. महिनाभर रोज जे मनात घोळत होतं, तेच तोंडातून बाहेर पडलं:

"रिव्हरच्या काठी अंकल, हातात अम्ब्रेला,
डाँकीवर कोकोनट लादून मार्केटला गेला,
लेमन, गार्लिक, शुगर, सॉल्ट घेऊन स्कूलमध्ये आला,
दिलीपरावांचं नाव घेते, ऑरेंज देते तुम्हाला."

सगळा मांडव उठून टाळ्या वाजवायला लागला. मी मात्र पदरानं तोंड झाकून खाली बसले. वृषालीच्या भावानं, तुषारनं, व्हिडिओ काढला होता, तो त्यानं लग्नाच्या ग्रुपवर टाकला. तू त्या ग्रुपमधून कधीच निघून गेलास, म्हणून तुला दिसला नाही. तिथून तो कुठे कुठे गेला, देव जाणे. मला भुसावळच्या नणंदेचा फोन आला की तुम्ही तर फेमस झालात. तिसऱ्या दिवशी वृषालीच्या सासरकडचा नागपूरचा रोहित, कॉम्प्युटर शिकलेला पोरगा, त्यानं खाली लिहिलं, काकू, हे तर कोणाच्या तरी पाकिटाचे बारा शब्द वाटतात, लवकर पाकीट बदला. ते वाचलं तेव्हा मी भाकरी थापत होते. पीठ तसंच राहिलं.

मला शब्द सांभाळायला दिलेस आणि मी ते मांडवात उधळले. तुझं बंगळुरूचं घर मी एका उखाण्यात घालवलं. आणि घर गेलं म्हणजे तू पांढुर्ण्याला येणंही गेलं, ते मला जास्त लागतं.

म्हणून मी ठरवलं आहे. बोरगावची बाग माझ्या नावावर आहे, माझ्या बाबांनी मला दिलेली. लोधीखेड्याचा मंगेश दोन वर्षांपासून मागतो आहे. त्याला निरोप पाठवला, तो येऊन बघून गेला. पंधरा-वीस दिवसांत लिहून देते. तुझं पूर्ण घर होणार नाही त्यात, पण निम्म्याची तरी भरपाई होईल. काकांना अजून सांगितलेलं नाही. बाग गेली तरी मला चालेल, तुझा विश्वास गेलेला चालणार नाही.

तुझी,
मावशी

बंगळुरू
२१ जून २०२५

ती. मावशीस,
सा. नमस्कार.

तू सांगितलंस तरी फोन केले, तू उचलले नाहीस. काकांच्या फोनवर करायची हिंमत झाली नाही. म्हणून हे पत्र स्पीड पोस्टनं पाठवतो. सगळ्यात आधी एकच, मंगेशला काहीही लिहून देऊ नकोस. पाया पडतो.

तुझं पत्र वाचल्याबरोबर मी पाकीट उघडलं. चोर येऊन गेला होता, मावशी. लग्नाच्या चौथ्या दिवशीच. तुझे बारा शब्द वापरून तो सरळ आत शिरला. टोलसाठी ठेवलेली चिल्लर होती, ती त्यानं शेवटच्या दमडीपर्यंत उचलली. आणि उंटांना हातही लावला नाही. सोन्याच्या दातवाल्या दोघांनाही नाही. दार उघडं, घरात कोणी नाही, फुकट न्यायचं आहे, तरी त्यानं नेले नाहीत. कारण उंट न्यायला जेवढा टोल पडतो, तेवढीही त्यांची किंमत नाही.

मी फळ्यासमोर खूप वेळ बसून राहिलो. कोणीतरी चोरून नेले असते तर बरं वाटलं असतं, असं मनात आलं. बघ माझी दशा.

हे मला आज कळलं असंही नाही. आता खोटं लिहवत नाही. बाजार थंड नाही, बाजार उठून गेला आहे. जपानमधून कोणी येत नाही. दोन वर्षांत त्या उंटांतला एकही कोणी विकत घेतला नाही. फळ्यावर जी शेवटची विक्री दिसते ना, ती माझीच आहे. मी दुसरं एक पाकीट काढलं आणि माझाच उंट मीच विकत घेतला, म्हणजे लोकांना वाटावं की भाव अजून टिकून आहे. फळ्यावर खोटं लिहिता येत नाही असं मी तुला सांगितलं होतं. लिहिलेलं सगळं खरंच असतं, पण घेणाऱ्या आणि देणाऱ्या पाकिटांमागे माणूस एकच आहे की दोन, हे त्यावर नसतं.

चार वर्षांची शिल्लक त्यात गेली. बाबा जुगार म्हणाले तेव्हाच निम्मी गेलेली होती. मी त्यांच्यावर चिडलो कारण ते खरं बोलत होते. मग वाटत राहिलं, भाव थोडा वर आला की विकून टाकू, काहीतरी हातात घेऊन घरी जाऊ. रिकाम्या हातानं बाबांसमोर कसं उभं राहायचं? दिवाळी आली की मी बाजार बघायचो आणि तिकीट काढायचो नाही. नोकरी आहे, पगार आहे, खायला-प्यायला कमी नाही. घर मात्र नाही, आणि कधी नव्हतंच.

तू माझं काहीही घालवलेलं नाहीस. माझ्या खोटेपणापायी तुझी बाग जाणार होती, हे मला सहन होत नाही. एकदा फोन उचल.

तुझा,
वैभव

सौंसर
३ जुलै २०२५

चि. वैभव यास,
अनेक आशीर्वाद.

फोन उचलला नाही तो मुद्दाम. उचलला असता तर तू दोन वाक्यं बोलला असतास आणि तिसऱ्याला माझी समजूत काढायला लागला असतास. तुझं पत्र वाचूनही मला आधी वाटलं की हा माझं मन राखायला बोलतो आहे. इतके दिवस घर होईल, घर होईल म्हणणारा पोरगा आज म्हणतो की काही नव्हतंच. खरं कुठलं धरायचं?

म्हणून मी तुझ्या बहिणीला, तृप्तीला, बोलावून घेतलं. काका बाजारात गेले तेव्हा, तू मागे तिला पाठवलेल्या लिंकवरून तिनं मोबाइलवर तुझा तो फळा उघडून दाखवला. बघायला किल्ली लागत नाही, हे तूच लिहिलं होतंस. "मावशी, सगळे उंट तिथंच बसून राहिले," ती म्हणाली. मी एकेक करून पाहिले. चिल्लर गेल्याची ओळही तिनं दाखवली. मग मला पटलं. चोर काही आपला सोयरा नव्हे, त्याला तुझं मन राखायची गरज नाही.

तुझी समजूत घालायला मी काही गोड लिहिणार नाही. त्या उंटांची किंमत काही नाही, वैभव. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात, तशी तू ती दोन वर्षं झाकून बसलास. बोटं आखडली असतील आता.

मला राग कशाचा आला ते सांगते. पैसे गेल्याचा नाही. तू मला शब्द पाठवलेस, लाडवांची आठवण काढलीस, तुझ्याइतकं गुपित कोणी सांभाळत नाही म्हणालास आणि खरं गुपित मात्र माझ्यापासूनच लपवलंस. मला किल्ली दिलीस, पण घर रिकामं आहे हे सांगितलं नाहीस. सांगितलं असतंस तर मी काय केलं असतं? चार शिव्या दिल्या असत्या आणि रात्रीच्या गाडीनं बोलावून घेतलं असतं.

मंगेशला नाही म्हणून सांगितलं. तो कागद करायलाच निघाला होता. "कावून नाही म्हणता काकू? भाव कमी वाटून राहिला का?" असं विचारत होता. मी म्हटलं, भाव चांगला आहे, मलाच विकायची नाही. तो गेल्यावर मी बागेत थोडा वेळ बसले आणि मला रडू आलं. मी खरोखर विकणार होते रे. आजही तुझ्यावर वेळ आली तर विकीन, त्याचा मला पस्तावा नाही. पण उंटांसाठी नाही विकणार.

काकांना सगळं सांगून टाकलं. त्यांनी तुझं पत्र दोनदा वाचलं आणि म्हणाले, पोराला म्हणावं, अक्षर सुधारलं आहे. मग त्यांनीच बसचं आणि रेल्वेचं वेळापत्रक काढलं.

तुझ्या आईला आणि बापाला मी काहीही सांगितलेलं नाही आणि सांगणारही नाही. तृप्तीलाही तंबी दिली आहे. ते तुझं तू सांगायचं. पत्रानं नाही, फोननं नाही. समोर उभं राहून. तुझ्या बापाचा, गजेंद्रजींचा, राग मला माहीत आहे, ओरडतील. पण रिकाम्या हातानं कसं जायचं, असं लिहिलंस ना, ते वाचून मला हसावं की रडावं कळेना. तू पहिल्यांदा त्या घरात आलास तेव्हा दवाखान्याच्या दुपट्यात होतास, हातात काय होतं तुझ्या? तरी तुझ्या बापानं सगळ्या गल्लीत पेढे वाटले होते.

आता ये.

तुझी,
प्रेमामावशी

पांढुर्णा
१३ जुलै २०२५

ती. मावशीस,
सा. नमस्कार.

चाळीस किलोमीटरवरून पत्र लिहितो आहे म्हणून हसशील. फोनवर सांगायला गेलो तर अर्धं राहून जाईल, म्हणून लिहून तृप्तीच्या हाती देतो. उद्या मीही येतोच आहे तुझ्याकडे, तुझ्या चार शिव्या खायला.

काल सकाळी पोचलो. आई दारातच होती, तिला मी येणार हे कोणी सांगितलं, विचारत नाही. बाबा दुकानात जायला निघाले होते. आता बियाण्यांचा हंगाम, गिऱ्हाइकं सकाळपासून येतात. मला बघून त्यांनी चपला काढल्या आणि परत आत येऊन बसले. चहा झाला. मग मी सगळं सांगितलं, तुला लिहिलं होतं तसंच, माझाच उंट मी विकत घेतला तेही. सांगताना जमिनीकडे बघत होतो.

ते ओरडले नाहीत. मी ओरडण्याची वाट बघत होतो, मावशी, ते बरं पडलं असतं. त्यांनी चष्मा लावला आणि म्हणाले, दाखव. मी मोबाइल दिला. एकेक उंट त्यांनी बोटानं सरकवत पाहिला, बियाण्याचा नमुना बघतात तसा, घाई न करता. सोन्याच्या दाताशी थांबले. हा कितीचा, त्यांनी विचारलं. मी घेतला तेव्हाचा आकडा सांगितला. त्यांनी मान हलवली आणि पुढे सरकले. सगळे बघून झाल्यावर मोबाइल माझ्या हातात परत दिला. दुकानातून पोऱ्याचा फोन आला, तो त्यांनी कापला.

मग म्हणाले, "उंटायचं जाऊ दे. ह्या दोन दिवाया गेल्या, त्या कितीच्या होत्या, ते सांग."

आई स्वयंपाकघरात होती, तिथला भांड्यांचा आवाज थांबला. बाबांनी थोडा वेळ उत्तराची वाट पाहिली, खरोखर पाहिली, आणि मग चष्मा पुसायला लागले. पुसून झाला तरी पुसतच राहिले. तेव्हा मी त्यांच्याजवळ जाऊन बसलो.

दुपारी त्यांच्यासोबत दुकानात गेलो आणि पोती उतरवून घेतली. येणाऱ्या प्रत्येक गिऱ्हाइकाला ते सांगत होते, आमचा वैभव आला बंगळुरूहून. घराबद्दल कोणी विचारलं नाही.

दिवाळीच्या रजेचा अर्ज मी काल रात्रीच कंपनीला पाठवला.

तुझा,
वैभव